दिगू टिपणीस यानानला गेला असता तर : अरुण साधूंची पुस्तकं एकत्र वाचताना

मागच्या व्याख्यानात आपण शब्दप्रमाणाविषयी बोललो होतो. आपण स्वतः न पाहिलेली गोष्ट दुसऱ्याच्या सांगण्यावरून खरी कधी मानायची, असा तो प्रश्न. नैयायिकांचं उत्तर असं, की सांगणारा आप्त असेल तेव्हा. आप्त म्हणजे नातेवाईक नव्हे. ज्याला ती गोष्ट ठाऊक आहे आणि जशी आहे तशी सांगण्याची ज्याची इच्छा आहे, तो आप्त. आज हाच प्रश्न मी एका मराठी लेखकाच्या पुस्तकांना लावून बघणार आहे. अरुण साधू. जन्म १९४१, मृत्यू २०१७. पेशाने पत्रकार, ‘फ्री प्रेस जर्नल’चे संपादक होते, पुढे पुणे विद्यापीठात वृत्तपत्रविद्या विभागाचे प्रमुख झाले, आणि २००७ साली नागपूरच्या साहित्य संमेलनाचे अध्यक्ष.

त्यांची पुस्तकं शेजारी शेजारी मांडली तर ती एकाच माणसाची वाटत नाहीत. ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ या राजकीय कादंबऱ्या. ‘झिपऱ्या’ ही रस्त्यावरच्या पोरांची कादंबरी. ‘विप्लवा’ विज्ञानकथेच्या वाटेवरची. विक्रम सेठ यांच्या जाडजूड कादंबरीचा ‘शुभमंगल’ हा अनुवाद. आणि तिकडे ‘आणि ड्रॅगन जागा झाला’, ‘फिडेल, चे आणि क्रांती’, ‘तिसरी क्रांती’ ही चीन, क्यूबा आणि रशियाच्या क्रांत्यांची पुस्तकं. समीक्षकांनी आपल्या सोयीसाठी दोन कप्पे केले. कादंबऱ्या साहित्याच्या कप्प्यात गेल्या, इतिहासाची पुस्तकं ‘माहितीपर’ म्हणून बाजूला पडली. माझं म्हणणं असं, की ही विभागणी चुकीची आहे. एका कप्प्यात जे राहून गेलं, ते दुसऱ्या कप्प्यात सापडतं.

पण आधी एक कबुली द्यायला हवी.

सत्तरच्या दशकात मी मराठवाड्यातल्या एका कॉलेजात नवा नवा अधिव्याख्याता होतो. आमचं एक अभ्यासमंडळ होतं, दर शनिवारी संध्याकाळी. तिथे मी ‘आणि ड्रॅगन जागा झाला’ वाचून दाखवत असे. लाँग मार्च आला की पोरं श्वास रोखून ऐकायची. एकदा मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला. बहात्तरच्या दुष्काळात त्याचं अख्खं घर खडी फोडायला गेलं होतं, सुकडीवर दिवस काढले होते. तो म्हणाला, “सर, क्रांती झाल्यावर तिथला शेतकरी दुष्काळात काय खातो?” मी क्षणाचाही विचार न करता सांगितलं, “अरे, क्रांतीनंतर दुष्काळ पडला तरी भूकबळी जात नाहीत.” पोरगा खाली बसला. मला माझं उत्तर फार आवडलं होतं.

आता वस्तुस्थिती बघा. चीनमध्ये १९५९ ते १९६१ या काळात ‘मोठी झेप’ या धोरणापायी जो दुष्काळ पडला, त्यात किती माणसं मेली याचे अंदाज दीड कोटीपासून साडेचार कोटींपर्यंत जातात. अनेक अभ्यासक तीन कोटींच्या आसपासचा आकडा धरतात. म्हणजे मी ते उत्तर दिलं, तेव्हा ही माणसं मरून दहा-पंधरा वर्षं झाली होती. जगाला याची नीट कल्पना आली ती ऐंशीच्या दशकात, चीनचे लोकसंख्येचे आकडे हाती आल्यावर.

मग दोष साधूंचा का? तितकं सोपं नाही. एडगर स्नो हा अमेरिकन पत्रकार माओला १९३६ साली प्रत्यक्ष भेटला होता. तोच १९६० साली पुन्हा चीनमध्ये गेला, फिरला, आणि दुष्काळ नाही असं लिहून मोकळा झाला. म्हणजे जो डोळ्यांनी बघायला गेला त्यालाही दिसलं नाही, कारण दाखवणाऱ्यांनी दाखवलं नाही. मग मुंबईत बसून, मिळतील ती पुस्तकं वाचून लिहिणाऱ्याला कुठून दिसणार? ज्या दिवशी पुस्तक लिहिलं, त्या दिवसापर्यंतचंच ज्ञान लेखकाकडे असतं. ‘मुंबई दिनांक’ हे शीर्षकच बघा ना. बातमीच्या डोक्यावर गाव आणि तारीख असते, तसं ते आहे. साधूंचं प्रत्येक पुस्तक असं तारीख घालून वाचायला हवं होतं. आम्ही ते पोथीसारखं वाचलं.

पण तारखेवर ढकलून समीक्षकाची सुटका होत नाही. दोन कप्प्यांतला फरक मला इथे जाणवतो. ‘सिंहासन’मध्ये साधू कोणावरही विश्वास ठेवत नाहीत. जिवाजीराव शिंदे मुख्यमंत्री आहेत, विश्वासराव दाभाडे त्यांच्या खुर्चीवर डोळा ठेवून आहेत, डिकास्टा कामगारांचा पुढारी आहे. यांतला कोणीही नायक नाही, आणि निव्वळ खलनायकही नाही. प्रत्येकाच्या भाषणामागे एक हिशेब आहे. आणि हे सगळं बघत हिंडणारा पत्रकार आहे, दिगू टिपणीस. जब्बार पटेल यांच्या १९७९च्या चित्रपटात निळू फुल्यांनी केलेला दिगू तुमच्यापैकी अनेकांना आठवत असेल. साधू स्वतः मंत्रालयाचे जिने चढलेले होते. तिथली भाषा आणि घोषणेमागचा व्यवहार त्यांना प्रत्यक्ष माहीत होता. तिथे ते आप्त आहेत.

क्रांतीच्या पुस्तकांकडे वळलं की हा संशयी माणूस मागे सरतो आणि पुढे येतो तो कथा सांगणारा. कथाही तशाच आहेत म्हणा! ग्रानमा नावाच्या बोटीतून ८२ माणसं क्यूबाच्या किनाऱ्यावर उतरतात, मूठभर वाचतात, आणि दोन वर्षांच्या आसपास बातिस्ता देश सोडून पळतो. हे सांगताना कोणाची लेखणी थंड राहील? पण ओघवती भाषा हे सत्याचं प्रमाण नव्हे, हे तत्त्वज्ञान शिकवणाऱ्या मला तरी कळायला हवं होतं. वाचताना मला जे खटकायला हवं होतं, ते आज खटकतं : यानानला माओच्या गुहेबाहेर दिगू टिपणीस उभा नाही.

ही केवळ साहित्यातली उणीव नाही. अमर्त्य सेन यांनी ऐंशीच्या दशकापासून मांडलेला मुद्दा तुम्हाला ठाऊक आहे. स्वतंत्र भारतात चीनसारखा महादुष्काळ झाला नाही, कारण इथे वर्तमानपत्रं होती आणि विरोधी पक्ष होता. सेन दुसरी बाजूही सांगतात, की रोजची, मुकाट उपासमार कमी करण्यात चीन आपल्या पुढे होता. ते विसरायचं नाही. पण आपला बहात्तरचा दुष्काळ आठवा. मे १९७३ मध्ये महाराष्ट्रात जवळपास ५० लाख माणसं सरकारी दुष्काळी कामांवर होती. ती कामं आपोआप निघाली नाहीत. मोर्चे निघाले, विधानसभा गाजली, बातमीदार गावोगाव फिरले. चीनमध्ये ते लिहायला दिगू टिपणीस नव्हता, आणि असता तर त्याला लिहू दिलं नसतं. म्हणजे साधू ज्या क्रांतीचं कौतुक सांगत होते, तिच्या राज्यात साधूंसारख्या माणसाला जागा नव्हती. ‘सिंहासन’ लिहिणाऱ्याला हे उमगायला हवं होतं, असा माझा आक्षेप आहे.

आता दुसरी बाजू. त्या काळात आम्ही विद्यापीठवाले काय करत होतो? इंग्रजीत प्रबंध लिहीत होतो, जे परीक्षकांखेरीज कोणी वाचले नाहीत. तालुक्याच्या वाचनालयात बसलेल्या पोराला चीन, क्यूबा, रशिया मराठीत दाखवला तो साधूंनी. त्या मुलाला प्रश्न पडला, तोही त्या पुस्तकामुळेच. आणि साधू तिथेच थांबले नाहीत. ‘तिसरी क्रांती’ लेनिनपासून थेट गोर्बाचेव्हपर्यंत येते, म्हणजे क्रांतीच्या पहाटेवर थांबत नाही. पुढे, उतारवयात, त्यांनी ‘ड्रॅगन जागा झाल्यावर’ लिहिलं. जुन्या शीर्षकातलं एकच क्रियापद थोडं पुढे सरकवलंय. पण ‘जागा झाला’ हा शेवट असतो आणि ‘जागा झाल्यावर’ हा प्रश्न असतो. गाजलेल्या पुस्तकाच्या विषयाकडे इतक्या वर्षांनी परत जायला धैर्य लागतं. आमच्यापैकी किती प्राध्यापक आपल्या जुन्या नोट्सकडे असे परत गेले?

तेव्हा माझी सूचना साधी आहे. ही पुस्तकं कप्पे मोडून वाचा. ‘आणि ड्रॅगन जागा झाला’ वाचाल तेव्हा शेजारी ‘सिंहासन’ ठेवा, आणि जिवाजीरावांना जो संशय लावता तोच माओला लावा.

तो मुलगा पुढे शिक्षक झाला, असं कानावर आलं. भेट झाली नाही. त्याच्या प्रश्नाचं उत्तर मी चुकीचं दिलं होतं, हे त्याला सांगायचं राहून गेलं. म्हणून आज तुम्हाला सांगितलं. आता तुम्ही विचारा. या वेळी विचार करून उत्तर देईन.