शेवटचा हात: मराठी चित्रपटातील ध्वनिमिश्रण

संवाद, गाणी, पार्श्वसंगीत आणि परिसरातले आवाज यांच्या स्वतंत्र ध्वनिपट्ट्या एकत्र आणून त्यांचे परस्परांशी असलेले प्रमाण कायम करणे म्हणजे ध्वनिमिश्रण. चित्रसृष्टीत त्याला ‘री-रेकॉर्डिंग’ असे म्हणतात. चित्रपटावर फिरणारा हा शेवटचा हात असूनही मराठी समीक्षेने त्याची दखल फारशी घेतलेली नाही, ही उणीव मोठी आहे.

वास्तविक मराठी बोलपटाच्या पायाशीच ध्वनिमुद्रक उभा आहे. ‘अयोध्येचा राजा’ (1932) या प्रभातच्या चित्रपटाचे ध्वनिमुद्रण विष्णुपंत दामले यांनी केले आणि पुढे फत्तेलाल यांच्यासह त्यांनी ‘संत तुकाराम’ (1936) दिग्दर्शित केला. परळच्या राजकमल कलामंदिरात मंगेश देसाई यांनी तर मिश्रणकाराचे स्थान दिग्दर्शकाच्या सहकाऱ्याइतके उंचावले. ‘शोले’ (1975) आणि सत्यजित राय यांचा ‘शतरंज के खिलाडी’ (1977) या परस्परांहून सर्वस्वी भिन्न प्रकृतीच्या चित्रपटांचे मिश्रण त्यांच्याच हातचे आहे. संगणक नसलेल्या त्या काळात चुंबकीय रिळे एकाच वेळी फिरवून हे काम पार पाडावे लागे, त्यामुळे कोणता आवाज कोणत्या क्षणी मागे सरावा याचा निर्णय चित्र चालू असताना बोटांनीच घ्यावा लागे.

अलीकडच्या मराठी चित्रपटाने ध्वनीच्या प्रत्येक अंगात राष्ट्रीय मान्यता मिळवली आहे. ‘ख्वाडा’ला चित्रीकरणस्थळीच्या ध्वनिमुद्रणासाठी, ‘व्हेंटिलेटर’ला अंतिम मिश्रणासाठी (आलोक डे), तर ‘त्रिज्या’ (मंदार कमलापूरकर) आणि ‘मी वसंतराव’ (अनमोल भावे) यांना ध्वनिआरेखनासाठी, म्हणजे चित्रपटाच्या एकूण ध्वनिविश्वाच्या रचनेसाठी, राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ही तीन कामे वेगळी आहेत हे या पुरस्कारांनी 2009 सालापासून मान्य केले होते. पुढे 70व्या पुरस्कारांपासून ती पुन्हा एकाच नावाखाली आली, आणि त्यात मिश्रणकाराचे श्रम झाकले गेले हे खेदाने नोंदवावे लागते.

या श्रमांचे स्वरूप एखादे गाव डोळ्यांसमोर ठेवले की नेमके कळते. ज्ञानेश्वर महाराजांची पालखी सोलापूर जिल्ह्यातल्या नातेपुत्यात मुक्कामाला असते, तेव्हा टाळ-मृदंग, कर्णे, वाहने आणि माणसांचा कालवा एकाच वेळी ऐकू येतो. अशा प्रसंगी दोन पात्रे माळशिरसच्या बोलीत हळू आवाजात बोलत असतील, तर मानवी कान आपोआप त्यांच्याकडे वळतो, पण माइक तसे करीत नाही. शब्द ओळखण्यास आवश्यक असलेली व्यंजने साधारण 1,000 ते 4,000 हर्ट्झच्या पट्ट्यात असतात आणि टाळांचा नाद त्यावर पसरतो, म्हणून मिश्रणकार टाळाचा तेवढाच पट्टा किंचित उतरवतो. गर्दी सरसकट दाबली तर वारी उरत नाही, मोकळी सोडली तर बोली हरवते.

याच सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा परिसरात घडणारा ‘सैराट’ (2016) या दृष्टीने महत्त्वाचा ठरतो, कारण लॉस एंजेलिस येथे ध्वनिमुद्रित केलेला भव्य वाद्यमेळ त्यात गावरान संवादांशेजारी निर्धास्तपणे नांदतो आणि उत्तरार्धात योग्य वेळी माघारही घेतो. मात्र, अनेक मराठी चित्रपटांत पार्श्वसंगीत भावना सांगण्याच्या घाईने संवादावर चढते. त्याचे खापर संगीतकारावर फोडले जाते, परंतु मिश्रणासाठी वेळापत्रकाच्या अगदी शेवटी उरलेले मोजके दिवस हेही त्याचे कारण असते. शिवाय बहुवाहिनी चित्रगृहासाठी केलेले मिश्रण दूरचित्रवाणी आणि मोबाइलवर तसेच्या तसे दिले, तर हळू संवाद बुडतात. त्या माध्यमांसाठी स्वतंत्र मिश्रण करण्याची तरतूद निर्मात्याने अंदाजपत्रकातच करायला हवी.