‘कुंकू’मधील नीरा : अभिनय आणि श्रम

‘कुंकू’ (१९३७) या प्रभातच्या चित्रपटाचे विवेचन बहुधा दोन ठिकाणी थांबते : नारायण हरी आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीतील जरठ-कुमारी विवाहाचा प्रश्न, आणि शांताराम यांचे दिग्दर्शन. नीरेची भूमिका करणाऱ्या शांता आपटे यांच्या वाट्याला ‘तेजस्वी’ हे एक विशेषण येते व विषय संपतो. हे विशेषण स्वभावाचे झाले. अभिनयाविषयी त्यातून काहीच कळत नाही.

या चित्रपटात पार्श्वसंगीत योजलेले नाही. जे ध्वनी आहेत ते प्रसंगातूनच निघणारे. ही योजना वास्तवतेसाठी केली, एवढे म्हणून भागत नाही. तिचा भार नटावर किती पडतो हे पाहिले पाहिजे. एरवी दोन वाक्यांमधील पोकळी वाद्ये भरून काढतात आणि कोणता भाव घ्यावयाचा हेही प्रेक्षकास सुचवितात. येथे ती पोकळी नीरेलाच सांभाळावी लागते. वृद्ध पतीसमोर तिचा विरोध शब्दांइतकाच न बोलण्यात असतो. म्हणूनच उन्मत्त सावत्र मुलाला ती छडीने झोडपते, तेव्हा तो संताप कितीतरी दिवस साठत आला होता अशी आपली खात्री पटते. केशवराव दाते यांचे काकासाहेब रंगभूमीच्या शिस्तीतून आलेले. त्यांच्या संवादांसमोर हे मौन अधिकच उठून दिसते. (दात्यांची भूमिका हा स्वतंत्र लेखाचा विषय होय.)

शिवाय हा चित्रपट ‘दुनिया न माने’ या नावाने हिंदीतही निघाला. म्हणजे तोच क्षोभ दुसऱ्या भाषेच्या आघातांनुसार पुन्हा उभा करावयाचा, तोही तुकड्यातुकड्यांनी. नाटकातील नटाला चढत्या अंकांचा जो आधार असतो, तो येथे नाही.

१९३९ साली कराराच्या वादातून शांता आपटे प्रभातच्या पुण्यातील स्टुडिओच्या फाटकाशी उपोषणास बसल्या. नीराच जणू पडद्याबाहेर आली, असे म्हणण्याचा मोह होतो. तो आवरलेला बरा. त्यायोगे श्रम करणाऱ्या स्त्रीची तक्रार पुन्हा भूमिकेतच कोंडली जाते. १९४० मधील त्यांचे ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक या दृष्टीने अधिक मोलाचे आहे. अभिनयाला शरीर लागते आणि ते थकते, ही जाण त्यात आहे. केवळ एका नटीचे मनोगत म्हणून ते बाजूस न ठेवता अभिनयचिकित्सेचे साधन म्हणून वाचले, तर नीरेचे मौन दिव्यांच्या उष्णतेत किती वेळा आणि कोणत्या अटींवर उभे करावे लागले असेल, हा प्रश्नही समीक्षेच्या कक्षेत येतो.