काळ फिरवणारी दौत आणि रामघाटावरची एक नोंद

मागच्या बैठकीत आपल्या एका सभासदाने कथा वाचली. उज्जैनच्या रामघाटावरच्या पंड्याकडे एक मंतरलेली दौत असते. तिच्यातल्या शाईने जी तारीख लिहावी, तिकडे काळ वळतो. नायकाचे खापरपणजोबा शिंद्यांच्या फौजेत होते आणि महाराजपूरला पडले, असं घरात सांगतात. घाटावरच्या वहीत त्यांची नोंद आहे: चैत्र वदी ५, संवत १९००. म्हणजे एप्रिल १८४३, लढाईच्या आठ महिने आधी. नायक त्या शाईने १९०० चे १९०१ करतो आणि पणजोबा वाचतात.

बैठकीत टाळ्या पडल्या, मीही वाजवल्या. पण कथेमागची वही खरी आहे, कुटुंबही खरं आहे. लेखकाने पानाचा फोटो दाखवला, तो मी घरी आणून दोन रात्री बघत बसलो. तेव्हा हे टिपण कथेबद्दल आहे आणि फोटोबद्दलही.

आधी दौतीबद्दल. कथेत ती काचेची, बुचाची कुपी आहे आणि आत शाई हेलकावते. आपल्याकडची जुनी दौत अशी नसे. पितळेची, बसक्या बुडाची, आत चिंधीचा किंवा कापसाचा बोळा. शाई बोळ्यात मुरलेली असे, त्यामुळे दौत कलंडली तरी सांडत नसे आणि बोरूला हवी तेवढीच लागत असे. शाई म्हणजे काजळ आणि डिंक घोटून केलेली. काजळाचा कार्बन उन्हाने विटत नाही. डिंक मात्र पाण्याने सुटतो. क्षिप्रेच्या पुराला घाबरून वह्या उंचावर ठेवायच्या त्या यासाठी. समर्थांनी दासबोधात लेखनक्रियेवर अख्खा समास खर्चला आहे. हे तपशील कथेत आले असते तर जादू जास्त खरी वाटली असती.

आणि १९०० चे १९०१ करायला मंत्र कशाला हवा? देवनागरी शून्याला खाली शेपूट काढलं की एक होतो. खाडाखोड पकडायची तर घोटलेल्या कागदाची झिलई बघावी. जिथे खरवडलं असेल तिथे ती जाते आणि शाई पसरते. शेपूट काढायला काही खरवडावंही लागत नाही. इथे लेखकाने खऱ्या भीतीवरून उडी मारून चमत्कार गाठला, हा माझा पहिला आक्षेप.

दुसरा मोठा आहे. एप्रिल १८४३ हे वाचनच चुकलं आहे.

आपला महिना अमावास्येला संपतो, माळव्यातल्या पंचांगाचा पौर्णिमेला. शुद्ध पक्षात दोघांचं महिन्याचं नाव एकच. वद्य पक्षात त्यांचा महिना आपल्या पुढे असतो. आपली रंगपंचमी फाल्गुन वद्य पंचमीला, इंदूर-उज्जैनची चैत्र वदी पंचमीला. दिवस तोच! इतपत पुष्कळांना माहीत असतं. पण संवत बदलतो चैत्र शुद्ध प्रतिपदेला, म्हणजे त्यांचा अर्धा चैत्र उलटल्यावर. म्हणून त्यांची चैत्र वदी ही सरत्या वर्षाच्या शेवटी येते. चैत्र वदी ५, संवत १९०० म्हणजे आपली फाल्गुन वद्य ५, शके १७६५. इंग्रजी हिशेबाने मार्च १८४४. एका शब्दाच्या वाचनात अकरा महिने गेले. (मी स्वतः एका पत्राला एक महिना चुकवून छापलं होतं, तेव्हा कुणाला हसण्याचा हक्क मला नाही.)

कुणी म्हणेल, दक्षिणी यजमानासाठी पंड्याने आपल्या पद्धतीने लिहिलं असेल. रास्त शंका आहे. पण फोटोत त्याच हस्ताक्षरात वरची नोंद फाल्गुन सुदी, संवत १९०० ची आहे आणि खालची चैत्र सुदी, संवत १९०१ ची. आपली नोंद त्या दोघींच्या मधे बसली आहे. एप्रिल १८४३ ची असती तर ती कितीतरी वर असती. ज्या उज्जैनवरून आपल्या जुन्या ज्योतिषांनी रेखांश मोजले, तिथेच महिन्याच्या नावावरून ही गत व्हावी, याची गंमत वाटते.

आता लढाईची तारीख ठेवून बघा. महाराजपूर आणि पनियार, दोन्ही २९ डिसेंबर १८४३. म्हणजे नोंदीतला माणूस त्यानंतर अडीच महिन्यांनी रामघाटावर उभा आहे. वहीत "स्वयं आये" असं लिहिलं आहे आणि त्याने वडिलांचं पिंडदान केलं आहे. तो लढाईत पडला नव्हता. जानेवारी १८४४ च्या तहाने शिंद्यांची फौज ९,००० वर आणली गेली, बाकीचे घरी. दक्षिणेकडे निघालेला रिकामा शिपाई वाटेत उज्जैनला थांबला, हे मला सरळ वाटतं.

त्या घरात आजही पौष शुद्धात या पूर्वजाचं श्राद्ध होतं, लढाईत पडले म्हणून. हे सांगणं जड आहे. पण कथेने त्यांना जादूने वाचवावं आणि वहीत ते आधीच जिवंत असावेत, यात वहीची बाजू घेणं मला भाग आहे. कथा तिथून सुरू व्हायला हवी होती.

लेखकाला मी फोन करून हे सगळं सांगितलं. तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "काका, मग ते घरी का आले नाहीत?"

मी त्याला पुढची पानं बघायला पाठवलं आहे. त्याच गावच्या, संवत १९०१ नंतरच्या नोंदी. निघताना त्याला दोन्ही पंचांगांचा तक्ता छापून दिला.