भुलेश्वराचें देऊळ व त्याच्या दोन कथा

खराडी हें एके काळीं मुळामुठेच्या कांठचें साधें शेतकऱ्यांचें गांव होतें. आज तेथें काचेच्या भिंतींच्या बहुमजली कचेऱ्या उभ्या आहेत आणि त्यांत काम करणारीं कुटुंबें सुटीच्या दिवशीं कांहीं जुनें पाहावें म्हणून बाहेर पडतात. अशाच एका कुटुंबाबरोबर आम्ही गेल्या हिंवाळ्यांत भुलेश्वरास गेलों होतों. मुंढव्यावरून हडपसर गांठून सोलापूरचा रस्ता धरला, आणि लोणी व उरुळी मागें टाकून यवताच्या सुमारास उजवीकडे वळलों, कीं माळशिरसच्या शिवारांतला हा डोंगर दिसूं लागतो. (हें माळशिरस पुरंदर तालुक्यांतलें, सोलापूर जिल्ह्यांतलें नव्हे. आमच्यांतल्या एका गृहस्थांनीं हा घोटाळा करून सर्वांस हंसविलें होतें.)

देवळाचें प्रथमदर्शन मोठें फसवें आहे. वर चुनेगच्ची घुमट व मिनाराच्या घाटाचे उंच खांब, खालीं उंच कोऱ्या भिंती; आंत तेराव्या शतकाच्या सुमाराचें काळ्या दगडाचें कोरीव देऊळ असेल अशी शंकाही येत नाहीं. दारांतून शिरल्यावरही गाभारा समोर दिसत नाहीं. काळोख्या अरुंद जिन्यानें वर चढावें तेव्हां एकदम नंदी पुढें येतो. आमच्याबरोबर आलेल्या वाटाड्यानें याचें जें स्पष्टीकरण दिलें तें बहुतेक सर्वांच्या तोंडीं आहे: परचक्राच्या वेळीं आक्रमकांची दृष्टि चुकविण्यासाठीं देवळास मशिदीचें रूप दिलें, म्हणून हे घुमट आणि हे मिनार. मंडळी खूष झाली. पण आंत गेल्यावर बरोबरच्या दहा-बारा वर्षांच्या मुलानें विचारलें, “काका, ते फसले असतील तर मग या मूर्तींचीं नाकें कोणीं तोडलीं?”

या प्रश्नास वाटाड्यापाशीं उत्तर नव्हतें, आणि आमच्या मतें तें असूंही शकत नाहीं. भिंतीवरील आकृतींचे चेहरे व हात इतक्या नेमकेपणानें फोडलेले आहेत कीं तें काम ऊनपावसाचें म्हणतां येत नाहीं. घुमट त्याआधींचे असतील तर युक्ति फसली. नंतरचे असतील तर ती योजण्याचें प्रयोजनच उरलें नव्हतें. खरी गोष्ट याहून सरळ आहे. विटा व चुना वापरून घुमट उभारण्याची रीत सतराव्या-अठराव्या शतकांत महाराष्ट्राच्या गवंड्यांच्या अंगवळणीं पडलेली होती, व तिला धर्माची आडकाठी नव्हती. मोरगांवच्या मयूरेश्वराच्या चार कोपऱ्यांस चार मिनार आहेत. तेथेंही हीच वेषांतराची गोष्ट सांगतात. पण पुण्यांत पेशव्यांच्या डोळ्यांदेखत नदीकांठीं उभ्या राहिलेल्या ॐकारेश्वरावरही घुमटच आहेत. तेथें कोणास कोणापासून लपावयाचें होतें? ज्या गवंड्यास जसें येत होतें तसें त्यानें केलें, इतकेंच.

डोंगराचा इतिहासही या कथेस सोईचा नाहीं. या डोंगराभोंवतीं दौलतमंगळ नांवाचा किल्ला बांधला तो आदिलशाहीच्या मुरार जगदेवानें. १६३० च्या सुमारास पुणें जाळून टाकणारा, तेथून कारभाराचें ठिकाण हलवूं पाहणारा, तो हाच. आणि १६३३ मध्यें भीमा-इंद्रायणीच्या संगमावर हत्तीची तुळा करून दानधर्म केल्याची, व त्यावरून नागरगांवचें तुळापूर झाल्याची कथाही याच पुरुषाची. सुलतानाचा हिंदु सरदार शिवालयाभोंवतीं तट घालतो, गांव जाळतो, आणि ब्राह्मणांस सोनेंही वांटतो. हें सारें ‘आक्रमक’ आणि ‘रक्षक’ अशा दोन कप्प्यांत बसविणारी गोष्ट सोपी खरी, परंतु ती खरी म्हणून मुलांच्या हातीं दिल्यास त्यांच्या पुढच्या प्रश्नांचीं दारें आपणच लावून घेतों.

दुसरी कथा नांवाची. पार्वतीनें येथें भिल्लिणीच्या वेषांत नृत्य केलें, शंकर तिला भुलले, पुढें दोघें कैलासास जाऊन विवाहबद्ध झालीं, म्हणून भुलेश्वर. ही कथाही शब्दाच्या पाठीं लागून तयार झाली असावी असा आमचा कयास आहे. तरीही पहिलीप्रमाणें ती टाकून द्यावी असें आम्हांस वाटत नाहीं. कालिदासाच्या कुमारसंभवांत पार्वतीचें रूप हरतें, मदन जळून जातो, आणि शंकर जिंकला जातो तो तिच्या तपानें. पंडितांच्या कवितेस तपश्चर्या शोभली. डोंगराळ मुलखांतल्या लोकांनीं मात्र तिला आपल्यांतली बाई केली. श्रीधरस्वामींच्या शिवलीलामृतांतही भिल्लीण होऊन शंकरास भुलविणारी पार्वती आहे. तो ग्रंथ १७१८ चा. म्हणजे घरोघर बायका जी पोथी वाचीत आल्या तिच्यांत आणि या डोंगरावर एकच पार्वती राहते. पहिली कथा देवळाच्या भिंती खोट्या सांगते. ही कथा भिंतींबद्दल कांहींच सांगत नाहीं, म्हणून ती तिच्या जागीं निर्दोष आहे. लिंगापुढें ठेवलेल्या पेढ्यांतले एकदोन नाहींसे होतात, या चमत्काराबद्दलही आम्ही भांडणार नाहीं. देवळांत उंदीर असतात, व भाविकांस आनंद होतो.

तेव्हां भिंतींकडे वळूं. या देवळास ‘हेमाडपंती’ म्हणण्याची चाल आहे. चुन्यावांचून बांधलेलें काळ्या दगडाचें कोणतेंही देऊळ हेमाद्रि पंडिताच्या नांवावर चढविण्याचा आपणांकडे इतका परिपाठ पडला आहे, कीं शिलालेखावरून शके ९८२ म्हणजे १०६० चें ठरलेलें अंबरनाथाचें देऊळही त्यांतून सुटलें नाहीं. हेमाद्रि तर तेराव्या शतकाच्या उत्तरार्धांतला यादवांचा मंत्री. नांवाचें कौतुक सोडून हात काय करीत होते तें पाहावें. गाभाऱ्याच्या बाहेरची भिंत सरळ नाहीं. ती कोन टाकीत, मागेंपुढें होत जाते, त्यामुळें प्रत्येक कोनावर एक आकृति उभी राहण्यास जागा होते आणि प्रदक्षिणा घालणाऱ्याच्या डोळ्यांपुढें दर दोन पावलांस नवी मूर्ति येते. युद्धाचे देखावे, हत्ती, घोडे, मातृका, शरपंजरीं पडलेले भीष्म, द्रौपदीस्वयंवर, हें सारें एवढ्या लहान जागेंत मावतें. कांहीं सुरसुंदरींचीं मस्तकें गेलेलीं आहेत, तरी कमरेचा वळसा व पायांची ठेवण पाहून नाच चालूच आहे असें वाटतें. भिल्लिणीची कथा रचणारांस ती याच भिंतीनें सुचविली असेल काय?

दोष सांगावयाचा तर हा कीं, नंतर बांधलेल्या भिंतींनीं प्रकाश अडविला आहे. हें काम बाहेरच्या उजेडाकरितां कोरलेलें. आज तें एका अंधाऱ्या बोळांत अडकल्यासारखें झालें आहे, आणि सुटीच्या गर्दींत लोक त्यास खांदे घाशीत जातात. मांसल गुळगुळीत झालेल्या त्या दगडांकडे पाहून आम्हांस फुटलेल्या नाकांइतकेंच वाईट वाटलें. घाव घालणारे येऊन गेले. खांदे घासणारे दर रविवारीं येतात, आणि आम्हीही त्यांतलेच.

त्या मुलास आम्हीं वरच्या बाजूस कोरलेली एक लहान मूर्ति दाखविली. सोंड गणपतीची, अंग स्त्रीचें, मांडी घालून बसलेली, खालीं उंदीर. तिला कोणी गणेश्वरी म्हणतात, कोणी वैनायकी. “ही गणपतीची कोण?” असें त्यानें विचारलें. बायको म्हणावी तर ती नव्हे, आई म्हणावी तर तीही नव्हे. ती गणपतीचीच शक्ति. आम्ही सांगूं लागलों तोंच तो पुढच्या कोनाकडे पळाला. वाटाड्या मागें घुमटांची गोष्ट नव्या मंडळींस सांगत होता.