आतून कडी

नाटक न पाहता नाटकाचं परीक्षण लिहिणारे समीक्षक आपल्याकडे पूर्वापार आहेत. मध्यंतरातल्या बटाटेवड्याच्या खपावरून पहिला अंक आणि बाहेर पडणाऱ्या प्रेक्षकांच्या चेहऱ्यांवरून तिसरा अंक ओळखण्याची विद्या त्यांना साधलेली असते. ते बिचारे हे चोरून करतात. मी मात्र उघडपणे सांगतो, की मी कॉम्प्युटरवरच्या खेळांचं परीक्षण करतो आणि ते खेळ न उघडता करतो. यात आळस नाही, तत्त्व आहे. (आळस असता तरी मी त्याला तत्त्वच म्हटलं असतं हे खरं, पण या खेपेला खरोखरच तत्त्व आहे.) माझा सवाल एवढाच असतो, की या खेळाचं चित्र माझ्या पडद्याच्या मापाचं करून घ्यायचं असेल, तर ते खेळ सुरू करण्याआधी करता येतं का? येत असेल तर खेळ घरंदाज. येत नसेल तर आत कितीही राक्षस, राजकन्या आणि मोटारी असोत, माझ्या लेखी तो पडला.

ज्यांनी हे यंत्र फक्त लाइटचं बिल भरायला वापरलं असेल त्यांच्यासाठी थोडं सांगतो. पडद्यावरचं चित्र म्हणजे ठिपक्यांची रांगोळी. आडवे ठिपके किती आणि ओळी किती, एवढाच प्रश्न. त्याला रिझोल्यूशन असं भारदस्त नाव दिलंय. १०२४ ठिपके आणि ७६८ ओळी म्हटलं की एकूण ७,८६,४३२ ठिपके होतात. १९२० आणि १०८० म्हटलं की २०,७३,६००. म्हणजे अडीचपटीहून जास्त. आणि ही अख्खी रांगोळी खेळाला सेकंदातून तीस नाहीतर साठ वेळा पुसून नव्यानं काढावी लागते. हे सगळं मी आमच्या सौ.ला मोठ्या उत्साहानं समजावलं, तेव्हा ती म्हणाली, "अहो, त्यात एवढं काय? अंगण बघून ठिपके काढायचे. आधी रांगोळी काढून मग अंगण मोजतं का कुणी?"

खेळ बनवणाऱ्या कंपन्यांत हे वाक्य भिंतीवर लावायला हवं.

आम्हा नाशिककरांना चित्राच्या मापाबद्दल बोलायचा थोडा वडिलोपार्जित हक्कही आहे. दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे, १८७० सालचा जन्म. १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' दाखवून झाल्यावर त्यांनी आपला सगळा कारखाना नाशकात आणला. त्या मूकपटांच्या चौकटीचं माप होतं चारास तीन. रुंदी चार भाग, उंची तीन भाग. आता गंमत पाहा. ६४० बाय ४८०, ८०० बाय ६००, १०२४ बाय ७६८ ही कॉम्प्युटरची जुनी मापं करून बघा भागाकार. सगळी चारास तीन! म्हणजे आमच्या सायबर कॅफेतली पोरं ज्या चौकटीत बंदुका झाडत होती, तिचा आकार फाळक्यांच्या तारामतीचाच. पुढे १९५३ साली सिनेमास्कोप आला आणि पडदे आडवे वाढले. पण तेव्हाही सिनेमाच्या ऑपरेटरनं भिंग बदलायचं ते खेळ सुरू होण्यापूर्वी, बाजूचे काळे पडदे सरकवायचे तेही आधीच. चित्र अंधुक दिसलं तर पिटातले प्रेक्षक शिट्ट्या मारून "फोकस!" असं ओरडत. पण ओरडायलासुद्धा पडद्यावर काहीतरी दिसावं लागतं हो. काहीच दिसलं नाही तर माणूस काय ओरडणार?

हा प्रश्न आमच्या घरात एका संध्याकाळी प्रत्यक्ष उभा राहिला. नातू अकरावीसाठी पुण्याहून आमच्याकडे राहायला आला. येताना कॉम्प्युटरचा डबा तेवढा घेऊन आला. मॉनिटर मोठा आणि चांगला होता, म्हणून त्याच्या बापानं आयपीएलसाठी ठेवून घेतला. आमच्याकडे माळ्यावर एक सतरा इंची मॉनिटर होता. १२८० बाय १०२४ चा, म्हणजे फाळक्यांच्या चौकटीपेक्षाही किंचित चौकोनीच. तो पुसला, जोडला. विंडोज शहाणं निघालं. नवं स्थळ बघून त्यानं आपणहून अंग चोरून घेतलं. मग नातवानं त्याचा आवडता खेळ लावला. खेळाचं नाव सांगत नाही, कारण तक्रार आमच्या घरातली आहे.

पडदा काळा झाला. मधोमध एक छोटी चौकट आली, 'आउट ऑफ रेंज'. आणि त्या काळोखातून संगीत सुरू झालं. चांगलं भरदार, सनई-चौघड्याच्या तोडीचं. म्हणजे नांदी जोरात चाललीय, नट पायांत चाळ बांधून उभे आहेत, तिसरी घंटा झालीय, आणि पडदा काही वर जात नाही. घोटाळा असा, की खेळाला पुण्याचा मॉनिटर आठवत होता. तो १९२० बाय १०८० ची रांगोळी आमच्या एवढ्याशा ओट्यावर घालायला निघाला होता.

"मग माप बदल की," मी म्हणालो.

"आजोबा, माप बदलायचं बटण गेमच्या आत आहे. ऑप्शन्समध्ये जायचं, मग व्हिडिओ, मग रिझोल्यूशन."

"मग जा."

"दिसत नाही ना पण!"

जुन्या नाशकातल्या वाड्यात ज्यांचं बालपण गेलं त्यांना हा प्रकार नवा नाही. घरात कुणी नाही आणि दाराला आतून कडी. पण वाडा बांधणारा सुतार शहाणा असे. मोठ्या दरवाजाच्या पोटात तो एक दिंडी ठेवी. रात्री मोठं दार लागलं तरी माणूस वाकून दिंडीतून आत जाई. खेळाला अशी दिंडी आहे की नाही, हे पाहणं मी समीक्षकाचं पहिलं काम मानतो.

दुकानदाराला फोन केला तर तो म्हणाला, "सगळं उडवून नव्यानं टाकू, काका. तासाभराचं काम." दुकानदारांना उडवायला फार आवडतं. पण नातवाचा चेहरा पडला. त्या खेळात त्यानं आणि त्याच्या मावसभावानं लॉकडाऊनच्या दोन वर्षांत एक गाव वसवलं होतं. विहीर, पार, शाळा, एक विनाकारण बांधलेला घाट. मावसभाऊ पुढे आईबापांबरोबर कॅनडाला गेला. तिथल्या आणि इथल्या घड्याळाचा मेळ बसेना, तेव्हा बोलणं कमी झालं, पण गाव तसंच राहिलं. ते गाव त्या डब्यात होतं आणि त्याची दुसरी प्रत कुठेच नव्हती. आता सांगा, तासाभराचं काम कशाला म्हणायचं?

दिंडी सापडली. 'अ‍ॅपडेटा' नावाचा एक फोल्डर असतो. विंडोज तो मुद्दाम लपवून ठेवतं, आपल्या आया लाडवांचा डबा ठेवत तसा. आधी 'लपवलेल्या वस्तू दाखव' म्हणावं लागतं. मग 'लोकल', मग खेळाच्या नावाचा फोल्डर, मग 'सेव्ह्ड', मग 'कॉन्फिग', आणि त्याच्या पोटात एक 'गेमयूजरसेटिंग्ज' नावाची साधी मजकुराची फाईल. नोटपॅडमध्ये उघडली तर त्यात सरळ लिहिलेलं होतं: रिझोल्यूशनसाइझएक्स बरोबर १९२०, रिझोल्यूशनसाइझवाय बरोबर १०८०. आधी फाईलची एक प्रत बाजूला काढली (सरकारी नोकरीत चाळीस वर्षं काढलेला माणूस प्रत काढल्याशिवाय कशाला हात लावत नाही). मग १९२० च्या जागी १२८० आणि १०८० च्या जागी १०२४ लिहिलं, फाईल जतन केली, बंद केली. नातवानं खेळ लावला. नांदी झाली आणि पडदा वर गेला. घाटावर संध्याकाळ झालेली होती. नातवानं लगेच मोबाईलवर फोटो काढून कॅनडाला पाठवला. तिकडून अर्ध्या तासानं उत्तर आलं, "हे चौकोनी का दिसतंय?"

तेव्हापासून मी या व्यवसायात पडलो. माझी मतं आता तयार झाली आहेत, ती नोंदवतो.

'अनरियल' नावाच्या इंजिनावर बांधलेल्या पुष्कळ खेळांत ही वरची फाईल याच नावानं असते. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सनं २०२० साली 'राजी' हा पुराणकथांवरचा देखणा खेळ काढला, तोही याच इंजिनावर. पुणेकरांनी घरात येण्याची सोय बाहेरून ठेवली, याचं श्रेय पुण्याला द्यावं की इंजिनाला, यावर माझं मत मी राखून ठेवतो.

जुन्यांत मला सर्वांत आवडला तो १९९९ सालचा 'क्वेक थ्री'. कशाबद्दल आहे विचारू नका, मी उघडलेला नाही. पण त्याची फाईल म्हणजे जुन्या शिंप्याची वही. आर_मोड या शब्दापुढे ३ लिहिलं की ६४० बाय ४८०, ४ लिहिलं की ८०० बाय ६००, ६ लिहिलं की १०२४ बाय ७६८. आणि ठरलेल्या मापात तुमचं शरीर बसत नसेल तर उणे एक लिहायचं आणि रुंदी-उंची आपली आपण भरायची. उणे एकमध्ये एवढं सौजन्य मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

'काउंटर-स्ट्राइक'वाल्यांची रीत आणखी मोकळी. फाईलसुद्धा शोधायला नको. स्टीममध्ये खेळाच्या नावावर उजवी टिचकी मारून प्रॉपर्टीज उघडायच्या आणि लाँच ऑप्शन्सच्या रकान्यात लिहायचं, हायफन डब्ल्यू १०२४, हायफन एच ७६८. म्हणजे रस्त्यावरूनच हाक मारून सांगायचं, "वहिनी, आम्ही दोघंच आहोत, चहा दोन कप टाका!" २०११ सालच्या 'स्कायरिम'ला तर ओसरीच आहे. खेळाआधी एक छोटी खिडकी उघडते, तिथे बसून माप ठरवायचं, मग आत जायचं. १९९८ सालचा मूळ 'स्टारक्राफ्ट' मात्र ६४० बाय ४८० च दाखवी, बदल नाही. त्याला मी नावं ठेवत नाही. घरात वरणभातच आहे असं यजमानानं दारातच सांगितलं, तर पाहुण्यानं बासुंदी मागू नये.

'व्हाइस सिटी'ची गोष्ट वेगळी. २००३ साली तो कॉम्प्युटरवर आला. त्याचं माप 'जीटीए_व्हीसी.सेट' नावाच्या फाईलीत असतं, पण ती माणसानं वाचावी अशा भाषेत नाही. उघडली तर मोडी परवडली म्हणाल. इलाज एकच, ती फाईल काढून टाकायची. म्हणजे खेळ मागचं सगळं विसरून पहिल्या दिवसासारखा येतो. जतन केलेले डाव वेगळ्या फाईलींत असतात, ते राहतात. औषध लागू पडतं, पण याला दिंडी म्हणता येणार नाही. हे कौल काढून आत उतरणं झालं.

'युनिटी' इंजिनावरच्या खेळांनी मात्र मला निराश केलं. त्यांच्याकडे पूर्वी ओसरी होती. खेळ सुरू होण्याआधी मापाची खिडकी यायची. २०१९.३ या आवृत्तीपासून ती काढून टाकली. आता माप विंडोजच्या रजिस्ट्रीत असतं, आणि रजिस्ट्री म्हणजे तलाठ्याचं दप्तर. तिथे आपली नोंद असते, पण तिला हात लावताना छाती धडधडते, कारण शेजारच्या रकान्यात दुसऱ्या कुणाची तरी जमीन असते. 'हायफन स्क्रीन-विड्थ' आणि 'हायफन स्क्रीन-हाइट' असं बाहेरून ओरडण्याची सोय पुष्कळ खेळांत अजून चालते, एवढाच दिलासा. पण ओसरी पाडून कुणाला जागा वाढवून मिळाली हे मला कळलेलं नाही.

नातू यावर वाद घालतो. "आजोबा, हल्लीचे गेम मॉनिटर स्वतःच ओळखतात. हे सगळं जुनं झालं." ओळखतात, पण पहिल्या भेटीत. नंतर ते स्वतःच्या आठवणीवर विश्वास ठेवतात, समोरच्यावर नाही. शिवाय पडदा मोठा आणि यंत्र अशक्त असेल, तर ओळखूनही घात होतो. ३८४० बाय २१६० म्हणजे ८२,९४,४०० ठिपके, १९२० बाय १०८० च्या बरोब्बर चौपट. तेवढी रांगोळी घालताना आमच्या डब्याला अशी धाप लागते, की ऑप्शन्सपर्यंत बाण नेईस्तोवर चहा निवतो. नवा मॉनिटर, नवं कार्ड, नवा डबा असलेल्या घरात हा प्रश्न येत नाही, हे मान्य. पण आपल्याकडे डबा थोरल्याचा, मॉनिटर मामाचा आणि माउस शेजाऱ्यांचा, असा संसार असलेली घरं किती, हे खेळ करणाऱ्यांनी एकदा मोजावं. ज्याची सगळी सामग्री एका दुकानातून, एका दिवशी आली, त्याच्यासाठीच दार उघडं ठेवायचं असेल, तर तसं खोक्यावर तरी छापा.

एक गोष्ट राहिली. काही खेळ फार हट्टी असतात. आपण फाईलीत माप बदललं, की ते सुरू होताना पुन्हा आपलंच लिहितात. त्यावर उपाय म्हणजे फाईलीवर उजवी टिचकी मारून प्रॉपर्टीजमध्ये 'रीड-ओन्ली'ची खूण करायची. मग खेळाला फाईल वाचता येते, लिहिता येत नाही. आमच्या त्या अनामिक खेळालाही दोनदा पुणं आठवलं, तेव्हा मी ही खूण करून टाकली. माप आता जागचं हलत नाही. मात्र आवाजाचा आकडाही त्याच फाईलीत असल्यामुळे नातवानं रात्री कमी केलेला आवाज दुसऱ्या दिवशी टिकत नाही, आणि रोज संध्याकाळी सातला आमच्या घरातून पूर्ण आवाजात नांदी होते. खालच्या मजल्यावरचे जोशी त्यावर घड्याळ लावतात.