पीबीआर-३२२: एका वर्तुळाचं वाचन

वर्तकनगरातल्या बारावीच्या क्लासमध्ये ‘पीबीआर-३२२’चं वर्तुळ फळ्यावर येतं, बाणांना नावं दिली जातात, दोन-तीन मार्कांची सोय होते आणि आकृती विसरली जाते. वाईट वाटतं, कारण ही चवीनं वाचायची चीज आहे.

प्लास्मिड म्हणजे जिवाणूच्या मुख्य गुणसूत्राबाहेरचा, आपल्या प्रती आपणच काढणारा डीएनए. पीबीआर-३२२ हे असंच एक प्लास्मिड १९७७ साली सॅन फ्रान्सिस्कोत, हर्बर्ट बॉयर यांच्या प्रयोगशाळेत जुळवलं गेलं. ‘बीआर’ म्हणजे ते जुळवणारे बोलिव्हार आणि रॉड्रिगेझ. लांबी अवघ्या ४,३६१ बेसजोड्या. तेवढ्यात प्रतींचा आरंभबिंदू, प्रतींच्या संख्येवर लगाम ठेवणारं ‘रॉप’ जनुक आणि अँपिसिलिन आणि टेट्रासायक्लिन या दोन प्रतिजैविकांना दाद न देणारी दोन जनुकं.

सगळा रस या दोन जनुकांत आहे. बॅम-एचवन हे विकर वर्तुळाला एकाच जागी कापतं, आणि ती जागा नेमकी टेट्रासायक्लिनच्या जनुकात. तिथे परकं जनुक बसलं की टेट्रासायक्लिनचं मोडतं, अँपिसिलिनचं शाबूत राहतं. मग जिवाणू अँपिसिलिनच्या थाळीवर वाढवायचे आणि मखमलीच्या तुकड्यानं, रबरी शिक्का मारावा तसा, त्या वसाहतींचा ठसा टेट्रासायक्लिनच्या थाळीवर उमटवायचा. दुसऱ्या थाळीवर जी वसाहत उगवत नाही, ती पहिलीवर शोधायची. हवी होती ती तीच! मेलेल्यावरून जिवंताचा पत्ता. (मखमलीची युक्ती जोशुआ आणि एस्थर लेडरबर्ग यांची, १९५२ची, ‘प्लास्मिड’ हे नावही जोशुआंनी त्याच वर्षी दिलं.) पुढे पीयूसी या प्लास्मिडांच्या मालिकेत निळ्या-पांढऱ्या वसाहतींवरून हेच काम एका थाळीत उरकू लागलं. सोय मोठी, पण डोकं चालवण्याची मजा गेली.

ही दोन्ही जनुकं मात्र बोलिव्हार-रॉड्रिगेझ यांनी घडवलेली नाहीत. प्रतिजैविकांना पुरून उरलेल्या जिवाणूंकडून ती उसनी आली. पीबीआर-३२२ला स्वतःहून दुसऱ्या जिवाणूत जाता येत नाही, तशी सोय त्यातून काढून टाकलेली आहे. त्याच्या अनेक मोकळ्या भाईबंदांना ती अडचण नाही. २०१०मध्ये माहीमच्या हिंदुजा रुग्णालयातल्या डॉक्टरांनी कार्बापेनेम या प्रतिजैविकांना न जुमानणारे २४ जिवाणू तपासल्याचं प्रसिद्ध केलं. २२ जणांत कार्बापेनेमला निष्प्रभ करणारं एनडीएम-१ हे जनुक सापडलं. हे जनुक बहुतेक वेळा प्लास्मिडवरच फिरतं.