दुहेरीचे मोल

दिवाळी अंकांतून खेळाडूंवर जे लेख येतात ते बहुधा चकलीच्या सोऱ्यातून पडल्यासारखे एकाच आकाराचे असतात. घरची बेताची परिस्थिती, पहाटेचा सराव, बापाने काढलेले कर्ज, आईने मोडलेल्या बांगड्या, कडक शिस्तीचा एखादा गुरू, ऐन वेळी झालेली दुखापत आणि अखेरीस पदक. पदक गळ्यात पडले की लेख आटोपतो आणि वाचक पुढच्या पानावरच्या कथेकडे वळतो. या प्रकाराला आपण ‘यशोगाथा’ असे भारदस्त नाव दिले आहे. ज्या भाषेत गाथा म्हटले की तुकोबा आठवतात, त्या भाषेत हा शब्द इतका स्वस्त व्हावा याचे मला नवल वाटते. पण ते असो.

माझी तक्रार वेगळी आहे. यशोगाथेला फक्त मोजता येते, वाचता येत नाही. एखाद्या कवीच्या पुस्तकांची संख्या सांगून त्याच्या कवितेचे मूल्यमापन झाले असे कोणी म्हणत नाही. खेळाडूच्या बाबतीत मात्र आपण बिनदिक्कत तसे म्हणतो. याचा सर्वांत मोठा अन्याय जिच्यावर होतो ती म्हणजे टेनिस हा पेशा म्हणून पत्करलेली बाई; आणि त्यातही जिची कारकीर्द दुहेरीत फुलली ती.

सानिया मिर्झाचेच पाहा. ती मुंबईत १९८६ साली जन्मली, वाढली हैदराबादेत. २००५ साली हैदराबादची स्पर्धा जिंकून महिला टेनिस संघटनेचे एकेरीचे विजेतेपद मिळवणारी ती पहिली भारतीय स्त्री ठरली. त्याच वर्षी अमेरिकन स्पर्धेत चौथ्या फेरीपर्यंत गेली. ऑगस्ट २००७ मध्ये एकेरीच्या जागतिक क्रमवारीत ती २७ व्या क्रमांकावर पोहोचली. तिच्या आधी किंवा नंतर एकही भारतीय स्त्री तिथपर्यंत गेलेली नाही. पुढे मनगटाने दगा दिला, गुडघ्यांनी दिला, शस्त्रक्रिया झाल्या, आणि तिने एकेरी सोडून दुहेरीवर सारे लक्ष वळवले. इथे आपले लेखक एक लहानसा उसासा टाकतात. जणू कादंबरीकार व्हायला निघालेला माणूस लघुकथेवर थांबला! त्यानंतर १३ एप्रिल २०१५ रोजी ती दुहेरीत जगात पहिली झाली आणि त्या स्थानावर एकूण ९१ आठवडे राहिली, हेही ते सांगतात. परंतु उसासा आधीच टाकून झालेला असतो.

या उसाशाला आधार नाही असे नाही. पुष्कळ अव्वल खेळाडू दुहेरीच्या वाटेला जातच नाहीत, त्यामुळे तिथली स्पर्धा थोडी विरळ असते. पैशाचा हिशेबही तेच सांगतो. विम्बल्डनमध्ये २०१५ साली एकेरी जिंकणारीला १८ लाख ८० हजार पौंड मिळाले आणि दुहेरी जिंकणाऱ्या दोघींना मिळून ३ लाख ४० हजार. बाजाराने आपला निकाल दिलेला आहे. पण बाजाराचा निकाल हाच रसिकाचाही निकाल, असे मानायचे तर समीक्षेचे दुकान आजच बंद करावे लागेल.

दुहेरी म्हणजे एकेरीचे अर्धे काम नव्हे. एकेरीत खेळाडूचे डोळे चेंडूवर आणि समोरचीवर असतात. दुहेरीत त्याखेरीज आणखी एक माणूस सांभाळायचे असते, आणि ते बहुतेक वेळा आपल्या पाठीमागे किंवा बाजूला, नजरेच्या कडेला असते. जाळीजवळ उभी असलेली खेळाडू पाठीमागे हात नेऊन बोटांच्या खुणेने सांगते की मी आता आडवी जाणार. ती आडवी गेली की तिची रिकामी झालेली बाजू दुसरीने न विचारता भरायची. इथे चूक एकीची आणि गुण दोघींचा जातो. बैठकीत गवयाइतकाच साथीदाराचाही कस लागतो हे ज्याने एखाद्या चांगल्या तबलजीला ऐकले आहे त्याला सांगायला नको. वाईट साथ कोणालाही कळते. चांगली साथ कळायला कान तयार असावा लागतो.

सानिया आणि मार्टिना हिंगिस यांची विम्बल्डनची २०१५ ची अंतिम लढत या दृष्टीने पुन्हा पाहण्यासारखी आहे. समोर माकारोवा आणि वेस्निना ही मुरलेली रशियन जोडी. पहिला सेट ५-७ असा गेला, दुसरा टायब्रेकरवर मिळाला, आणि तिसऱ्यात या दोघी २-५ अशा मागे पडल्या. तिथून त्यांनी बरोबरी गाठली. ५-५ असताना अंधारून आले म्हणून मैदानावरचे छत ओढून घ्यावे लागले. पुन्हा खेळ सुरू झाल्यावर त्यांनी दोन्ही गेम घेतले. सानियाचा फोरहँड हा तिचा जन्मजात दागिना. तो फटका समोरच्यांना मागे रेटतो, चेंडू कसाबसा परत येतो आणि तिथे जाळीपाशी हिंगिस जणू वाटच पाहत उभी असते. एकीने वाक्य सुरू करावे आणि दुसरीने पूर्णविराम द्यावा, असा तो खेळ होता. त्या वर्षीची अमेरिकन स्पर्धा आणि २०१६ ची ऑस्ट्रेलियन स्पर्धाही त्यांनी जिंकली; लागोपाठ ४१ सामने त्या हरल्या नाहीत.

तथापि दुहेरीचे खरे नाट्य मला विजयात नव्हे, तिच्या हिशेबाच्या एका विचित्र नियमात दिसते. खेळतात दोघी मिळून, परंतु क्रमवारी लागते प्रत्येकीची वेगळी. गेल्या ५२ आठवड्यांतली कमाई तेवढी हिशेबात धरली जाते. त्यापूर्वीची पुण्याई आपोआप गळून पडते. ऑगस्ट २०१६ मध्ये सानिया आणि हिंगिस वेगळ्या झाल्या, आणि लगेच सिनसिनाटीच्या अंतिम सामन्यात जाळीच्या दोन बाजूंना समोरासमोर आल्या. सानिया जिंकली आणि इतके दिवस दोघींनी वाटून घेतलेला पहिला क्रमांक तिच्या एकटीचा झाला. आमच्याकडे भाऊ वाटण्या करून घेतात तेव्हा बांधावरून बोलणे बंद होते. इथे दोघींनी सामना संपल्यावर जाळीपाशी येऊन हात मिळवायचे असतात. तो पेशाचा शिष्टाचारच आहे.

यातले तिच्या पुस्तकात किती आहे? ‘एस अगेन्स्ट ऑड्स’ हे आत्मचरित्र तिने वडील इम्रान मिर्झा आणि शिवानी गुप्ता यांच्या साहाय्याने लिहिले, आणि ते जुलै २०१६ मध्ये प्रसिद्ध झाले. पुस्तक प्रामाणिक आहे, हे आधी सांगितले पाहिजे. कपड्यांवरून, ध्वजावरून, लग्नावरून जे काहूर तिच्याभोवती उठले त्याला ती शांतपणे उत्तर देते. पण सामन्यामागून सामना आणि वादामागून वाद अशी त्याची मांडणी असल्यामुळे खेळणाऱ्या मनाचा आतला भाग फार थोड्या ठिकाणी उघडतो. हातात रॅकेट घेऊन वीस वर्षांहून अधिक काळ उभी राहिलेली ही बाई चेंडू येण्याच्या आधीच्या त्या अर्ध्या क्षणात काय पाहते, हे मला वाचायचे होते. तिला मात्र लोकांच्या प्रश्नांना उत्तरे देत बसावे लागले. दोष तिचा म्हणावा की प्रश्न विचारणारांचा?

कारण पुस्तकाच्या निमित्ताने झालेल्या मुलाखतीत एका नामवंत पत्रकाराने जगात पहिली असलेल्या या खेळाडूला, आता स्थिरस्थावर कधी होणार, मुलेबाळे कधी, असे विचारलेच. तिने त्याला तिथल्या तिथे सुनावले आणि त्याने जाहीर क्षमाही मागितली. पुढे २०१८ साली ती आई झाली, जानेवारी २०२० मध्ये परत आली आणि परतल्यावर होबार्टची पहिलीच स्पर्धा दुहेरीत जिंकली; जानेवारी २०२३ मध्ये, वयाच्या ३६ व्या वर्षी, रोहन बोपण्णाबरोबर ऑस्ट्रेलियन स्पर्धेच्या मिश्र दुहेरीत अंतिम फेरीला पोहोचली आणि पुढच्याच महिन्यात दुबईत तिने रॅकेट खाली ठेवली. तो प्रश्न आपल्या प्रत्येक घरात दिवाळीच्या फराळाबरोबर विचारला जातो, म्हणून त्या पत्रकाराला फार बोल लावण्यात अर्थ नाही.

मराठी घरात रॅकेट आणि पुस्तक एकत्र नांदल्याचे एक जुने उदाहरण आहे, ते या निमित्ताने आठवते. तुकोबांच्या गाथेच्या संपादनाशी ज्यांचे नाव निगडित आहे त्या शंकर पांडुरंग पंडितांच्या कन्या क्षमाबाई राव. त्यांनी गांधीजींच्या लढ्यावर संस्कृतात ‘सत्याग्रहगीता’ लिहिली, तुकाराम, रामदास, ज्ञानेश्वर यांची चरित्रे संस्कृत पद्यात रचली, आणि त्या टेनिसही उत्तम खेळत. त्यांची मुलगी लीला राव १९३४ साली विम्बल्डनमध्ये सामना जिंकणारी पहिली भारतीय स्त्री ठरली. त्या काळी तिथे पैशासाठी खेळणारांना प्रवेश नव्हता. तो १९६८ साली मिळाला. त्यामुळे टेनिस हा सुखवस्तू, सुसंस्कृत घराचा शौक होता. लीलाबाईंनी पुढे आईच्या कथांची संस्कृत नाटके केली. असे घर मिळणे हा भाग्याचा भाग. पण त्यावर कोणाला आपल्या मुलीचे भवितव्य बेतता येत नाही.

पेशा झाल्यावर हा खेळ तालुक्याच्या गावापर्यंत येऊ शकला, आणि म्हणून मला बार्शीच्या प्रार्थना ठोंबरेची कारकीर्द लीलाबाईंच्या कारकिर्दीइतकीच महत्त्वाची वाटते. बार्शी म्हणजे भगवंताचे देऊळ आणि एकेकाळची ती अरुंद रुळांची रेल्वे. आमचे मालेगावही (यंत्रमागांचे नव्हे, अकोल्याहून वाशिमला जाताना लागते ते) अशाच तालुक्याचे गाव. इथल्या बापाने सोयाबीन विकून आलेल्या पैशांतून बियाण्याची उधारी फेडायची, शिकवणीची फी भरायची, बहिणीला भाऊबीज घालायची, आणि मग मुलीला टेनिस खेळायला परगावी धाडायचे! खालच्या पायरीच्या आंतरराष्ट्रीय स्पर्धेत १५ हजार डॉलरची एकूण रक्कम असते आणि ती एकेरी-दुहेरीच्या सगळ्या खेळाडूंत वाटली जाते. पहिल्या फेरीत हरणारीच्या हाती येते त्यातून प्रवासखर्चही निघत नाही. प्रार्थना या वाटेने गेली. हैदराबादेत सानियाच्या अकादमीत तिने सराव केला, २०१४ साली इंचॉनच्या आशियाई क्रीडास्पर्धेत सानियाबरोबर दुहेरीचे कांस्यपदक मिळवले, आणि २०१६ साली सानियानेच तिला रिओच्या ऑलिंपिकला जोडीला घेतले.

त्या वेळी कुजबुज झाली. दुहेरीच्या क्रमवारीतल्या पहिल्या दहांना आपली जोडीदार निवडण्याची मुभा होती. तेव्हा ही मुलगी स्वतःच्या बळावर गेलीच नाही, असे म्हणणारे निघाले. नियमाच्या अंगाने ते खरे आहे. परंतु नियम माणसाला दारापर्यंत नेतो. आत गेल्यावर सर्व्हिस तिची तिलाच करावी लागते. यशोगाथेच्या लेखकाला इथे लिहिण्यासारखे काही सापडत नाही, कारण त्या दोघी पहिल्याच फेरीत हरल्या. सानियाच्या पुस्तकात हा सामना नाही, कारण पुस्तक महिनाभर आधी निघाले होते. म्हणजे तो कोणीच लिहिलेला नाही.

तेव्हा तो इथे लिहून ठेवतो. तारीख ६ ऑगस्ट २०१६. समोर चीनच्या पेंग श्वाई आणि झँग श्वाई. त्यांतली पेंग ही २०१४ साली स्वतः दुहेरीत जगात पहिली राहिलेली. बार्शीची मुलगी २२ वर्षांची. चेंडू शक्यतो तिच्याकडेच मारायचा, हे समोरच्या दोघींनी ठरवले नसते तरच नवल. दुबळा मानलेला गडी हेरायचा हे दुहेरीतले पहिले शहाणपण. पहिला सेट टायब्रेकरवर ६-८ ने गेला. दुसरा या दोघींनी ७-५ असा परत घेतला. तिसरा ५-७ ने गेला. सामना चालला दोन तास चव्वेचाळीस मिनिटे, आणि तिन्ही सेट मिळून चीनच्या जोडीचे गेम झाले १९, आपल्या जोडीचे १८.